स्टारगेट एसजी-१: दहा पर्वे, २१४ भाग आणि बैठकीच्या खोलीतले एक टेबल

सप्तर्षी (धागाकर्ता)

‘स्टारगेट एसजी-१’ ही मालिका मी नुकतीच तिसऱ्यांदा पहिल्या भागापासून शेवटच्या भागापर्यंत पाहून संपवली. २७ जुलै १९९७ रोजी सुरू झालेली ही मालिका २००७ पर्यंत चालली. तिची पहिली पाच पर्वे शोटाइम वाहिनीवर आणि पुढची पाच साय-फाय वाहिनीवर दाखवली गेली. अंतराळातली युद्धे तिच्यापेक्षा देखण्या रीतीने दाखवणाऱ्या मालिका आहेत आणि तिच्यापेक्षा खोल तत्त्वचिंतन करणाऱ्याही आहेत, हे मला मान्य आहे. तरीही पुन्हा पाहावीशी वाटते ती हीच. असे का व्हावे, याचा या वेळी मी जाणीवपूर्वक विचार केला आणि मला जे उत्तर सापडले ते इथे मांडतो आहे. पुढे काही भागांचे कथानक उघड होणार आहे. ज्यांना रसभंग नको असेल त्यांनी ते भाग पाहून मग वाचावे.

मालिका ज्यांनी पाहिलेली नाही त्यांच्यासाठी थोडक्यात पार्श्वभूमी अशी: १९९४ च्या ‘स्टारगेट’ चित्रपटात इजिप्तमध्ये सापडलेले एक प्राचीन कडे दूरच्या ग्रहावर नेणारे द्वार असल्याचे उघड होते. ब्रॅड राइट आणि जोनाथन ग्लासनर यांनी ती कल्पना पुढे नेताना द्वार एका ग्रहापुरते न ठेवता आकाशगंगेभर पसरलेल्या द्वारांचे जाळे उभे केले. अमेरिकी हवाई दलाने कोलोरॅडोतल्या शायेन माउंटनच्या पोटात गुप्त तळ उभारून तिथून चार-चार जणांची पथके ग्रहोग्रही पाठवायची, ही मालिकेची चौकट आहे. पहिल्या पथकात कर्नल जॅक ओनील, भाषा आणि पुरातत्त्वाचा अभ्यासक डॅनियल जॅक्सन, खगोलभौतिकी जाणणारी हवाई दलातली अधिकारी सामंथा कार्टर आणि शत्रूचे सैन्य सोडून आलेला टील्क असे चौघे आहेत.

आता माझ्या मुद्द्याकडे येतो. ज्या दालनात स्टारगेट उभे आहे, त्याच्यावरच्या मजल्यावर काचेची मोठी खिडकी असलेली एक बैठकीची खोली आहे. तिथल्या लांब टेबलाभोवती मोहिमेआधी हे चौघे बसतात आणि परतल्यावर पुन्हा तिथेच येऊन घडलेल्या गोष्टींचा जाब देतात. समोर तळाचे प्रमुख जनरल हॅमंड असतात. मालिकेचा प्राण मला त्या टेबलाशी सापडला. लष्करी विज्ञानकथेत आपण बहुधा दोनच गोष्टी पाहतो: आज्ञा देणारा व पाळणारा, किंवा आज्ञा झुगारून देणारा एकांडा वीर. इथे तिसरीच गोष्ट घडते. निर्णय अजून झालेला नसतो, तो घेण्याचा अधिकार कोणाचा आहे हे सर्वांना ठाऊक असते, आणि तरीही ज्याला खांद्यावर एकही पट्टी नाही असा डॅनियल बोलू शकतो आणि त्याचे ऐकून घेतले जाते. ऐकल्यानंतर पुष्कळदा त्याच्या म्हणण्याविरुद्धच निर्णय होतो. शिस्त आणि शंका एकाच टेबलाशी बसलेल्या मला दुसऱ्या कोणत्याही मालिकेत इतक्या सातत्याने दिसलेल्या नाहीत.

चौथ्या पर्वातल्या ‘द अदर साइड’ या भागाचे उदाहरण घ्या. युरोंडा नावाच्या ग्रहावरून मदतीची याचना येते. ते लोक जमिनीखालच्या तळात कोंडले गेले आहेत, शत्रू वरून बाँबफेक करतो आहे, त्यांना जड पाणी हवे आहे आणि मोबदल्यात ते अशी शस्त्रे व संरक्षक कवचे द्यायला तयार आहेत की ज्यांच्या शोधात ओनील आणि त्याचे वरिष्ठ वर्षानुवर्षे आहेत. डॅनियल एकच प्रश्न विचारत राहतो: हे युद्ध कोणाशी आहे आणि ते कशावरून पेटले? ओनील त्याला गप्प बसायला सांगतो. प्रेक्षक म्हणून आपणही त्या वेळी ओनीलच्याच बाजूला असतो, कारण पृथ्वीला ती शस्त्रे खरोखरच हवी असतात. मग हळूहळू उलगडते की यजमान वंशशुद्धीच्या कल्पनेने पछाडलेले आहेत, युद्ध त्यांच्याच पूर्वजांनी सुरू केले आणि ज्यांना ते संपवू पाहतात त्यांचा गुन्हा इतकाच की ते यांच्यासारखे नाहीत. शेवटी ओनील त्यांच्या नेत्याला आपल्या मागून येऊ नकोस असे बजावून द्वारातून परततो आणि लगेच द्वारावरची झडप बंद करायला सांगतो. झडपेवर आदळल्याचा एक दबका आवाज येतो. त्यानंतर कोणीही भाषण करत नाही.

पहिल्यांदा पाहताना हा शेवट मला न्याय्य वाटला होता. या वेळी मात्र ओनीलचा चेहरा पाहताना असे जाणवले की त्याने शिक्षा केली ती त्या नेत्याला जितकी, तितकीच स्वतःच्या आधीच्या उतावीळपणाला; आणि मुळात तसे करण्याचा अधिकार त्याला होता का, हा प्रश्न मालिकेने आपल्यापुढे उघडाच ठेवला आहे. तुमच्यापैकी ज्यांनी मालिका पाहिली आहे त्यांना ती का आवडली, किंवा का आवडली नाही, हे सविस्तर वाचायला आवडेल.

निरीक्षक

सप्तर्षी, बैठकीच्या खोलीचा मुद्दा पटला, परंतु माझ्यासारख्याला मालिकेत खेचून घेणारी गोष्ट वेगळी होती आणि ती म्हणजे त्या कड्याचे नियम. काल्पनिक यंत्राला नियम असावेत आणि ते लेखकांनी स्वतः पाळावेत, एवढीच माझी विज्ञानकथेकडून अपेक्षा असते. इथे ती पुरेशी पूर्ण होते. द्वारावर ३९ चिन्हे आहेत. त्यांपैकी सहा चिन्हे अवकाशातला एक बिंदू निश्चित करतात आणि सातवे चिन्ह आपण कुठून निघतो आहोत ते सांगते. एकदा द्वार उघडले की प्रवास एकाच दिशेने होतो. पलीकडून परत यायचे तर द्वार बंद करून तिकडून पुन्हा जोडणी करावी लागते. सर्वसाधारणपणे ते ३८ मिनिटांपेक्षा अधिक काळ उघडे राहू शकत नाही. पृथ्वीवरच्या द्वाराला धातूची झडप बसवलेली आहे, ती उघडण्यासाठी परतणाऱ्या पथकाने आधी सांकेतिक संदेश पाठवायचा असतो, आणि तो पोहोचला नाही तर आपलाच माणूस आपल्याच झडपेवर संपतो.

हे सारे नियम रुक्ष वाटतील, पण नाट्य त्यांतूनच जन्माला येते. दुसऱ्या पर्वातल्या ‘अ मॅटर ऑफ टाइम’ या भागात एका पथकाला वाचवण्यासाठी द्वार उघडले जाते आणि त्या ग्रहाजवळ कृष्णविवर तयार होत असल्याने ३८ मिनिटे उलटून गेली तरी ते बंद होत नाही. गुरुत्वाकर्षण द्वारातून अलीकडे झिरपू लागते आणि तळावरचा काळ बाहेरच्या जगापेक्षा मंदावतो. पलीकडे अडकलेले पथक पडद्यावर धावत येताना दिसते, पण जवळजवळ थिजलेले, कारण त्यांच्यासाठी क्षण सरतच नाही. त्यांना परत आणता येणार नाही हे कळूनही तळावरच्या लोकांना ते चित्र पाहत राहावे लागते. सापेक्षतेचा इतका वेदनादायक उपयोग दूरचित्रवाणीवर मी अन्यत्र पाहिलेला नाही. ‘काळ मंदावतो’ हे वाक्य मी अनेक पुस्तकांत वाचले होते. त्याचा माणसाच्या दृष्टीने अर्थ काय, ते मला त्या चौघांच्या थिजलेल्या चेहऱ्यांवरून समजले.

एक उणीवही नोंदवतो. जवळपास प्रत्येक ग्रहावरचे लोक इंग्रजी बोलतात. मूळ चित्रपटात डॅनियलला त्या लोकांची भाषा शिकावी लागते आणि तो चित्रपटातला सर्वांत सुंदर धागा आहे. मालिकेने तो जवळजवळ सोडून दिला. दर आठवड्याला नवी भाषा शिकण्यात अर्धा भाग गेला असता हे समजते, तरीही भाषातज्ज्ञाला नायक करून भाषेचाच अडसर काढून टाकणे मला आजही खटकते.

उत्तरायण

चर्चेचा सूर कौतुकाचा आहे, म्हणून थोडा विरोधी मुद्दा मांडते. ही मालिका अमेरिकी हवाई दलाच्या सहकार्याने तयार झाली. पटकथा हवाई दलाकडे वाचनासाठी जात असत. हवाई दलाचे तत्कालीन प्रमुख जनरल मायकल रायन चौथ्या पर्वातल्या ‘प्रॉडिजी’ या भागात आणि त्यांच्यानंतरचे प्रमुख जनरल जॉन जंपर सातव्या पर्वाच्या शेवटी ‘लॉस्ट सिटी’मध्ये स्वतःच्याच भूमिकेत दिसले. ओनीलची भूमिका करणाऱ्या रिचर्ड डीन अँडरसन यांना २००४ मध्ये हवाई दलाने मानद ब्रिगेडियर जनरल केले. जी संस्था पटकथा आधी वाचते, तिच्याविषयी ती पटकथा कितपत मोकळेपणाने बोलू शकेल?

मला मालिका आवडते, तिचे अनेक भाग मला पाठ आहेत, आणि म्हणूनच हा प्रश्न मला टाळता येत नाही. तिच्यातले लष्कर जवळजवळ नेहमी समंजस असते. वाईट माणसे आहेत, पण ती कुठे बसवली आहेत ते पाहा: महत्त्वाकांक्षी सिनेटर किन्झी, किंवा परग्रहावरचे तंत्रज्ञान मिळेल त्या मार्गाने लाटू पाहणारी एनआयडी ही छुपी यंत्रणा. दोष तळाच्या बाहेरून आत येतो आणि जनरल हॅमंड यांची खोली स्वच्छ राहते. संपूर्ण जगाच्या भवितव्याशी संबंधित गोष्ट एका राष्ट्राच्या एका दलाने वर्षानुवर्षे लपवून ठेवावी, ही मूळ अवस्थाच किती अस्वस्थ करणारी आहे! सहाव्या पर्वातल्या ‘डिस्क्लोजर’ या भागात ब्रिटन, फ्रान्स आणि चीनच्या प्रतिनिधींना अखेर खरे सांगितले जाते, तोपर्यंत पृथ्वी अनेकदा नष्ट होता होता वाचलेली असते आणि पृथ्वीवरच्या बहुसंख्य लोकांना त्याचा पत्ताही नसतो.

सप्तर्षी (धागाकर्ता)

उत्तरायण, तुमचा आक्षेप गंभीर आहे आणि त्याला पूर्ण उत्तर माझ्याकडे नाही. मूळ अवस्थेविषयी तुम्ही म्हणता ते मी स्वीकारतो. फक्त ‘खोली स्वच्छ राहते’ या वाक्याशी मी असहमत आहे. ‘द अदर साइड’मधला शस्त्रांचा मोह बाहेरून आलेला नाही, तो ओनीलचा आहे आणि त्याच्या वरिष्ठांचाही आहे. त्याच पर्वातला ‘स्कॉर्च्ड अर्थ’ पाहा. एका विस्थापित जमातीला नव्या ग्रहावर वसवल्यानंतर कळते की तिथे आधीच एक यान येऊन ग्रहाचे वातावरण बदलते आहे आणि त्या यानात एका नामशेष झालेल्या संस्कृतीचे पुनरुज्जीवन साठवलेले आहे. एक वाचली तर दुसरी मरणार. ओनील यान उडवायचा निर्णय घेतो आणि डॅनियल त्या यानावर असतानाही तो निर्णय मागे घेत नाही. डॅनियलने मार्ग काढला म्हणून अनर्थ टळतो. मित्रावर बाँब टाकायला निघालेल्या नायकाला मालिका निर्दोष ठरवत नाही, आणि पुढच्या भागात ते दोघे पुन्हा त्याच टेबलाशी बसतात तेव्हा ती गोष्ट आपल्याला आठवत असते.

संस्थेचे सहकार्य घेतल्याने काही दारे बंद होतात हे खरे. पण गणवेश, हुद्दे, सलाम, अहवाल, सुट्टीचे अर्ज, बदल्या, बढत्या या गोष्टींत जो खरेपणा आला आहे तो त्या सहकार्याशिवाय आला नसता, असे मला वाटते. कार्टर कॅप्टन म्हणून येते, तिसऱ्या पर्वात मेजर होते आणि आठव्या पर्वात लेफ्टनंट कर्नल. ओनील आठव्या पर्वात ब्रिगेडियर जनरल होऊन हॅमंड यांच्या खुर्चीत बसतो आणि तिथे बसल्यावर त्याला प्रथमच कळते की लोकांना द्वारापलीकडे पाठवून स्वतः खिडकीशी थांबणे हे स्वतः जाण्यापेक्षा कठीण आहे. माणसे वर्षांनुवर्षे नोकरी करतात, वाढतात, थकतात. हे दिसण्यासाठी दहा पर्वांचा अवकाश लागतो. हॅमंड यांची भूमिका करणारे डॉन डेव्हिस स्वतः अमेरिकी लष्करात कॅप्टन होते. त्यांच्या बसण्यात, ऐकण्यात आणि ‘परवानगी आहे’ म्हणण्याआधीच्या त्या लहानशा विरामात जो भारदस्तपणा आहे, तो मला अभिनयापलीकडचा वाटतो.

अरण्यवाट

उत्तरायण यांच्या प्रश्नाला उत्तर म्हणून मी ‘कोर-आय’ हा पहिल्या पर्वातला भाग पुढे करेन, आणि त्या निमित्ताने टील्कविषयी थोडे लिहीन, कारण इतकी चर्चा होऊनही त्याचा उल्लेख केवळ पथकाच्या यादीत झाला आहे.

टील्क हा अपोफिस या गोआउल्ड सत्ताधीशाच्या सैन्याचा प्रमुख. गोआउल्ड म्हणजे माणसाच्या शरीरात शिरून त्याच्यावर ताबा मिळवणारे परजीवी. ते प्राचीन देवांची नावे धारण करून माणसांवर राज्य करतात, आणि जाफा ही त्यांची योद्ध्यांची जमात आपल्या पोटात त्यांची पिल्ले वाढवते. त्या पिल्लाशिवाय जाफा जगू शकत नाही, त्यामुळे त्याची गुलामी त्याच्या शरीरातच रुजवलेली असते. पहिल्याच भागात कैद्यांना ठार मारण्याची आज्ञा झाल्यावर टील्क आपल्या स्वामीच्या सैनिकांवर शस्त्र फिरवतो आणि ओनीलच्या बाजूला येतो. इतर मालिकांत पक्ष बदललेल्या पात्राचा भूतकाळ तिथेच धुऊन निघाला असता. इथे लेखक त्याच पर्वात तो भूतकाळ उकरून काढतात.

‘कोर-आय’मध्ये पथक एका शांत वस्तीत जाते आणि हॅनो नावाचा तरुण टील्कला ओळखतो. कित्येक वर्षांपूर्वी अपोफिसच्या आज्ञेवरून टील्कने त्या वस्तीतल्या एका माणसाला सर्वांसमोर ठार केले होते आणि तो माणूस हॅनोचा वडील होता. त्या वस्तीच्या न्यायपद्धतीत ज्याच्यावर अन्याय झाला तोच न्यायाधीश असतो. ओनील टील्कचा बचाव करायला उभा राहतो. ‘त्याने आज्ञा पाळली, त्याला पर्याय नव्हता’ ही लष्करातली परिचित ढाल तो पुढे करतो. टील्क ती ढाल नाकारतो. तो गुन्हा कबूल करतो आणि शिक्षेला तयार होतो. मग कळते की त्या वृद्धाला त्याने का निवडले: तो पायाने अधू होता, आणि हल्ला झाला की ही माणसे कोणालाही मागे न टाकता एकत्र निघत असल्यामुळे सगळ्यांचा वेग त्याच्यापाशी येऊन अडत असे. तो नसेल तर पुढच्या वेळी अधिक जण निसटतील, असा हिशेब टील्कने त्या एका क्षणात केला होता. हे कारण मोठे आहे, दयाळूही आहे, आणि तरीही मुलाच्या दृष्टीने त्याने काहीही बदलत नाही. टील्कला ते ठाऊक असते, म्हणून तो स्वतःहून ते सांगतही नाही.

याच भागात ओनील पृथ्वीवर परतून हॅमंड यांच्याकडे टील्कला सोडवण्यासाठी सैन्यबळ मागतो. हॅमंड म्हणतात की दुसऱ्यांच्या कारभारात हस्तक्षेप करणे हे आपल्या देशाचे काम नाही. त्यावर ओनील विचारतो, हे कधीपासून? उत्तरायण, हवाई दलाच्या सहकार्याने निघालेल्या मालिकेत, गणवेशातल्या नायकाच्या तोंडी, त्याच्या वरिष्ठाच्या खोलीत हे वाक्य आहे. तुमचा आक्षेप त्याने संपत नाही, हे मी जाणून आहे. पण ज्या अर्थी ते वाक्य तिथे राहिले, त्या अर्थी ती खोली आपल्याला वाटते त्याहून थोडी अधिक हवेशीर असावी.

टील्कची भूमिका करणारे ख्रिस्तोफर जज पुढे लेखनातही उतरले. पाचव्या पर्वातल्या ‘द वॉरियर’ या भागाची कथा त्यांची आहे आणि त्यातला शस्त्रांच्या तुलनेचा प्रसंग मालिकेच्या चाहत्यांना पक्का आठवत असेल. बंडखोर जाफांना ओनील दोन शस्त्रे दाखवतो. जाफांचा दंड मोठा, दिमाखदार, अग्नी ओकणारा. तो शत्रूला भय दाखवण्यासाठी घडवला आहे, असे ओनील म्हणतो. पृथ्वीवरची लहानशी बंदूक मात्र शत्रूला मारण्यासाठी घडवली आहे. त्यानंतर कार्टर ती चालवून दाखवते. देव असल्याचा आव आणणाऱ्यांची सारी सत्ता देखाव्यावर उभी आहे, हा मालिकेचा गाभा तिथे दोन शस्त्रांतून दिसतो. आणि त्याच वेळी आपल्याकडचे शस्त्र किती थंडपणे मारते, याची बोचही मनात राहते.

निरीक्षक

अरण्यवाट, प्रतिसाद अत्यंत आवडला. हॅनोने शेवटी दिलेला निर्णय तुम्ही मुद्दाम सांगितला नाहीत असे दिसते. मीही सांगत नाही.

मंदाकिनी

मी या मालिकेकडे कार्टरमुळे वळले, म्हणून तिच्याबद्दल लिहिते. अमँडा टॅपिंग यांनी रंगवलेली ही अधिकारी विमान चालवते, बंदूक चालवते आणि भौतिकीतले प्रमेय मांडते. आणि या तिन्ही गोष्टी ती करते तेव्हा मालिका त्याचे आश्चर्य मानत नाही. सुरुवातीच्या भागात तिच्या तोंडी घातलेले ‘मी पुरुषांच्या बरोबरीची आहे’ असे पुकारणारे संवाद अवघडलेले होते. लेखकांनी ते लवकरच सोडून दिले, आणि २००९ मध्ये पहिल्या भागाची नवी संपादित आवृत्ती निघाली तेव्हा मूळ भागातले नग्न दृश्यही काढून टाकले. ज्या नव्या प्रेक्षकांना सुरुवात खटकते त्यांनी ती आवृत्ती अवश्य पाहावी.

कार्टर आणि ओनील यांच्यातले न बोललेले नाते हीसुद्धा लष्करी चौकटीचीच देणगी आहे. ती त्याच्या हाताखाली काम करते, त्यामुळे नियमाने ते नाते असू शकत नाही. चौथ्या पर्वातल्या ‘डिव्हाइड अँड कॉन्कर’मध्ये दोघांना एका चाचणीसाठी खरे बोलणे भाग पडते आणि ते बोलून झाल्यावर कार्टर सुचवते की हे या खोलीबाहेर जायला नको. ओनील मान्य करतो. दुसऱ्या मालिकेत नियम मोडून प्रेम जिंकले असते. इथे दोन प्रौढ माणसे आपल्या कामाला अधिक मान देतात आणि त्याची किंमत पुढे कित्येक वर्षे निमूटपणे मोजतात. हा संयम मला कोणत्याही प्रणयप्रसंगापेक्षा अधिक हलवून जातो.

आणखी एका स्त्रीचा उल्लेख व्हायलाच हवा: डॉक्टर जॅनेट फ्रेझर. सातव्या पर्वातला ‘हीरोज’ हा दोन भागांचा प्रसंग मी पहिल्यांदा पाहिला त्या रात्री मला झोप लागली नव्हती. एक माहितीपट करणारा गृहस्थ तळावर येतो, सगळे त्याला टाळतात, कॅमेरा नको म्हणतात. लेखक आपल्याला असे भासवत नेतात की ओनील मारला गेला आहे. प्रत्यक्षात रणांगणात जखमी सैनिकावर उपचार करत असताना फ्रेझर मारली गेलेली असते. तो सैनिक वाचतो आणि आपल्या नवजात मुलीचे नाव जॅनेट ठेवतो. स्मृतिसभेत कार्टरला तिच्याविषयी बोलायचे असते. गुणवर्णन करण्याऐवजी ती एक यादी वाचते: जॅनेटमुळे आज जिवंत असलेल्या माणसांची नावे. एकामागून एक नावे. आपण सात वर्षे त्या माणसांना द्वारातून येता-जाता पाहिलेले असते.

वाटसरू

वरील सर्वांशी सहमत होताना एक वेगळे मत नोंदवतो. माझ्या दृष्टीने मालिका आठव्या पर्वाच्या शेवटी पूर्ण झाली. गोआउल्डांची सत्ता कोसळली, यंत्रजीव असलेल्या रेप्लिकेटरांचा नायनाट झाला, जाफा मुक्त झाले. नवव्या पर्वात ओनील पथकात नाही, हॅमंड नाहीत. पथकात कॅमेरॉन मिचेल आणि तळाच्या प्रमुखपदी जनरल लँड्री आले. ओराय हा नवा शत्रूही आला, तो आपल्या अनुयायांकडून भक्तीची मागणी करतो आणि नकार देणाऱ्यांना नष्ट करतो. गोआउल्ड खोटे देव होते. त्यांचे ढोंग उघड करता येत होते. ओराय यांचे सामर्थ्य खरे आहे. सामर्थ्य खरे असले म्हणजे पूजा करावी का, हा प्रश्न मोठा आहे, पण त्याला पुरेसा वेळ मिळाला नाही. दोन पर्वांत तो विषय मावला नाही आणि २००८ च्या ‘द आर्क ऑफ ट्रुथ’ या चित्रपटात तो घाईने उरकावा लागला.

सप्तर्षी (धागाकर्ता)

वाटसरू, घाईविषयी सहमत आहे. तरी शेवटच्या दोन पर्वांनी एक गोष्ट दिली, ती म्हणजे व्हाला माल डोरान. क्लॉडिया ब्लॅक यांनी रंगवलेली ही चोरटी, बडबडी, कुणाचीच नसलेली बाई हळूहळू त्या टेबलाशी जागा मिळवते. चौघे एकमेकांना पूर्ण ओळखू लागल्यावर टेबलाशी शंका घेणारे कोणी उरले नव्हते; डॅनियलही एव्हाना अर्धा सैनिक झाला होता. मिचेल आणि व्हाला हे दोघेही बाहेरून आलेले, आणि आपण काय करतो आहोत हे जुन्या मंडळींना त्यांच्यासाठी पुन्हा शब्दांत मांडावे लागते. शेवटचा भाग ‘अनएंडिंग’ मला त्यासाठीच आवडतो. काळाच्या बुडबुड्यात अडकलेल्या एका यानावर ही सहा माणसे पन्नासएक वर्षे एकत्र काढतात. लँड्री तिथेच वारतात, बाकीचे म्हातारे होतात. मग काळ उलटा फिरवून सारे पूर्ववत केले जाते आणि ती वर्षे एकट्या टील्कला आठवतात, कारण उपाय घेऊन मागे जाणारा तोच असतो. बाकीचे त्याला विचारत राहतात आणि तो काही सांगत नाही.

नवाच

मी ही मालिका पाहिलेली नाही. केवळ हा धागा वाचून पाहावीशी वाटते आहे. रसभंग झाला त्याचे दुःख नाही. परंतु २१४ भाग पाहण्याइतका वेळ मिळेल की नाही याची खात्री नसल्याने विचारतो, सुरुवात कुठून करावी?

अरण्यवाट

नवाच, आपले स्वागत. पहिल्या पर्वातले काही भाग कच्चे आहेत आणि पहिल्या काही आठवड्यांत मालिका सोडून देणारे पुष्कळ असतात, म्हणून आधी तीन भाग सुटे पाहावेत असे मी सुचवेन. पहिला ‘द टॉर्मेंट ऑफ टँटलस’, पहिल्या पर्वातला, ज्यात १९४५ मध्ये द्वारापलीकडे जाऊन एकटाच अडकलेला एक संशोधक सापडतो आणि डॅनियलला ज्ञानाचा मोह आवरत नाही. दुसरा ‘द फिफ्थ रेस’, दुसऱ्या पर्वातला, ज्यात ओनीलच्या मेंदूत एका प्राचीन संस्कृतीचे ज्ञान उतरते आणि तो स्वतःची भाषा विसरू लागतो. तिसरा चौथ्या पर्वातला ‘विंडो ऑफ ऑपॉर्च्युनिटी’. तोच दहा तासांचा काळ पुन्हा पुन्हा जगणाऱ्या ओनील आणि टील्कच्या या भागाला बरेच चाहते सर्वांत आवडता मानतात. तो खूप हसवतो आणि शेवटच्या पाच मिनिटांत, मेलेल्या पत्नीला पुन्हा भेटू पाहणाऱ्या माणसाशी आपला मुलगा गमावलेला ओनील जे बोलतो, तिथे हसू थांबते. हे तीन आवडले तर पहिल्या भागावर परत जा आणि क्रमाने पाहा. दहावे पर्व संपले की ‘द आर्क ऑफ ट्रुथ’ आधी आणि ‘कंटिन्यूअम’ नंतर.

नवाच

आभारी आहे. आज रात्री ‘टँटलस’ पाहतो आणि उद्या इथेच लिहितो.